ब्राउझरमधल्या माइनक्राफ्टात पोरानं बांधलेलं वावर गायब झालं, वापस येते का?

वावरवाला (दारव्हा)
भाऊ लोकहो, जरा अर्जंट आहे. आमचं पोट्टं सातवीत आहे. घरी जुना लॅपटॉप आहे, ४ जीबी रॅम, विंडोज ७, त्याच्यावर असली माइनक्राफ्ट (ठोकळे रचून दुनिया बांधायची गेम) धड चालत नाही अन् विकत घ्यायले सध्या पैसेही नाहीत, म्हणून तो क्रोममध्येच ईगलरक्राफ्ट उघडून खेळते, म्हणजे ब्राउझरमध्ये चालणारी माइनक्राफ्टची नक्कल, १.८ व्हर्जनवाली. दिवाळीपासून त्यानं त्याच्यात आमचं वावर बांधलं, म्हणजे खरंच आमचं, धुऱ्यावरची बाभूळ, कोठा (बैल भेटत नाही म्हणे गेममध्ये म्हणून गायी बांधल्या), अन् विहीर. विहीर अशी का दोन बाय दोनचा खड्डा खोदायचा, समोरासमोरच्या कोपऱ्यात दोन बादल्या पाणी टाकायचं, मग कितीही उपसा, पाणी सरतच नाही. त्यानं आजोबाले बोलावून दाखवलं. आमची खरी विहीर मार्चमध्येच तळाले जाते, त बुवानं माऊस हातात घेऊन स्वतः सात-आठ बादल्या उपसून पाह्यल्या.

परवा लॅपटॉप लय स्लो झाला म्हणून तालुक्याले एका दुकानात दिला, त्यानं "सारा कचरा साफ केला" म्हणून ३०० रुपये घेतले, अन् घरी येऊन पाह्यतो त गेम उघडते पण दुनियेची यादी रिकामी. न विचारता कसं काय पुसते माणूस? पोट्टं दोन दिवसापासून धड जेवलं नाही. काही होऊ शकते का? अन् हे खेळणं सेफ आहे का तेही सांगा, शेजारचे म्हणतात व्हायरस येते.

जावा_वर्धा
दादा, सगळ्यात आधी त्या लॅपटॉपवर काही नवीन टाकू नका, क्रोम पण बंद ठेवा.

झालं काय ते सांगतो. माइनक्राफ्ट मुळात जावात लिहिलेली, अन् ब्राउझरला जावा कळत नाही, म्हणून ईगलरक्राफ्टवाल्यांनी टीव्हीएम नावाच्या टूलनं तो जावा कोड जावास्क्रिप्टमध्ये बदलला अन् चित्र काढायचं काम वेबजीएलवर (ब्राउझरमधली ग्राफिक्सची सोय) टाकलं. पण दुनिया कुठल्या सर्व्हरवर जात नाही, ती तुमच्याच क्रोमच्या पोटात राहते, इंडेक्सडीबी म्हणतात त्याला. 'कुकीज अन् साइट डेटा' पुसला का ती पण गेली. तिथं पत्त्यालाही फार महत्त्व असते, साइटच्या नावाआधी डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू लावलं अन् नाही लावलं तरी क्रोमसाठी त्या दोन वेगळ्या जागा, त म्हणून आधी पोराला विचारा का तो नेमका कोणता पत्ता उघडत होता.

पत्ता तोच असेल त एक आशा आहे अजून. विंडोज ७ मध्ये फोल्डरचे जुने व्हर्जन राहतात. सी ड्राइव्ह, युजर्स, तुमचं नाव, अॅपडेटा (लपलेलं असते, दाखवायची सेटिंग चालू करा), लोकल, गूगल, क्रोम, युजर डेटा, डिफॉल्ट, तिथं इंडेक्सडीबी फोल्डर दिसेल. त्यावर राइट क्लिक करून 'रिस्टोर प्रीव्हियस व्हर्जन्स'. दुकानवाल्यानं रिस्टोर पॉइंट (विंडोजनं आपोआप जपलेल्या जुन्या कॉप्या) उडवले नसतील त जुन्या तारखा दिसतील. दुकानात जायच्या आधीची घ्या, आधी पेनड्राइव्हवर कॉपी काढा, मगच जाग्यावर टाका.

अन् विंडोज ७ वर क्रोम १०९ च्या पुढं जात नाही, त्यामुळं ईगलरक्राफ्टचं नवं वासम-जीसीवालं व्हर्जन (त्याले नवा ब्राउझर लागते) तुमच्याकडं चालणार नाही, जावास्क्रिप्टवालंच ठेवा.

संत्रापट्टा (काटोल)
सेफचं मी सांगतो, माझा भाचा यात फसता फसता वाचला. मायक्रोसॉफ्टनं २०१४ मध्ये मोजांग, म्हणजे माइनक्राफ्ट बनवणारी कंपनी, अडीच अब्ज डॉलरला घेतली, गेमचा कोड अन् चित्रं त्यांची. ईगलरक्राफ्टसारखे हे पोर्ट (दुसरीकडं चालतील अशा नकला) चाहत्यांनी हौसेनं बनवले, मेहनत जबरदस्त आहे, पण परवानगी नाही, मोजांगनं कॉपीराइटची तक्रार करून गिटहबवरून (कोड ठेवायची साइट) ते काढायलाही लावले. तिथून निघाले त शेकडो पत्त्यांवर त्याच्या कॉप्या झाल्या अन् त्यातल्या कोणती कोणी चालवून राह्यलं काही कळत नाही. भाच्याच्या एका साइटवर "फ्री कॉइन पाहिजे त लॉगिन करा" असं आलं, पोरानं माझ्या बहिणीचा गूगलचा पासवर्ड टाकायला घेतलाच होता. एकट्यानं खेळायला कोणतंच लॉगिन लागत नाही हे त्याच्या डोक्यात पक्कं बसवा.

कंपनीचंच फुकटातलं पाहिजे असेल त माइनक्राफ्ट क्लासिक आहे, १० वर्षं झाली म्हणून त्यांनी २०१९ मध्ये ब्राउझरवर टाकलं. पण ते २००९ चं जुनं, ३२ च ब्लॉक, गायी नाही काही नाही. तुमच्या पोराचं मन त्यात रमेल असं मला वाटत नाही.

शाळामास्तर, मेळघाट
लुआंती पाहा दादा, माइनक्राफ्टसारख्याच ठोकळ्यांच्या गेम त्याच्यात चालतात. आधी मिनेटेस्ट नाव होतं, २०२४ मध्ये बदललं. फिनलंडच्या एका माणसानं २०१० मध्ये सुरू केलेलं, कोड खुला, कायदेशीर, फुकट. त्यात व्हॉक्सेलिब्र नावाचा गेम उतरवून घ्यायचा, माइनक्राफ्टच्या लय जवळचा आहे, गायी पण आहेत. आमच्या शाळेत लिनक्सवाल्या दोन जुन्या डेस्कटॉपवर चालते. इकडं नेट दिवसदिवस नसते, पण एका फोनचा हॉटस्पॉट लावला का दोन्हीकडची पोरं एकाच दुनियेत येतात, त्याले नेट लागतच नाही. अन् दुनिया साध्या फोल्डरमध्ये असते, कॉपी केली का झालं.

वावरवाला (दारव्हा)
जावा भाऊ, तुमचे लय उपकार. पत्ता तोच होता, पण जुने व्हर्जन सापडले, दोन तारखा दिसल्या, त्यातली अलीकडची १९ दिवसांआधीची. रात्री लाईन गेली होती म्हणून सकाळी उठून केलं. विहीर आहे, बाभूळ आहे. कोठा नंतर बांधला होता त्यानं, तो गेला. पण पोट्टं जेवलं आज.

आता ती फाईल बाहेर कशी काढू तेवढं सांगा, पुन्हा त्या ब्राउझरच्या भरवशावर नाही ठेवत.

जावा_वर्धा
वा दादा, जिंकलो. दुनिया निवडा, खाली 'बॅकअप' बटण आहे, त्यात ईपीके (ईगलरक्राफ्टचा स्वतःचा फाईल प्रकार) एक्सपोर्ट करा, फाईल डाउनलोड होईल. ती पेनड्राइव्हवर अन् एक फोनमध्येही. दर रविवारी त्याच्याच हातानं करवा. 'व्हॅनिला १.८' (व्हॅनिला म्हणजे असली माइनक्राफ्ट) असाही पर्याय दिसेल, ती पण एक काढून ठेवा, पुढंमागं असली गेम घेतली का हेच वावर तिच्यात उघडेल.

वावरवाला (दारव्हा)
काढल्या दोन्ही. मास्तर, लुआंती सुट्ट्यांत टाकून पाह्यतो. सध्या तो कोठा बांधून राह्यला, यावेळी बुवा बाजूले बसून सांगून राह्यले का गव्हाण कोणत्या अंगाले पाहिजे.