साराची भूमिका आधी फिलिस फ्रेलिकची

‘चिल्ड्रन ऑफ अ लेसर गॉड’ सिनेमातल्या साराच्या भूमिकेसाठी बहिऱ्या मार्ली मॅटलिनला ऑस्कर मिळालं, त्याबद्दल या चर्चेत बहुतेकांनी लिहिलंय, आणि एका दादांनी विचारलंय की बहिरी नटी रंगमंचावर संवाद म्हणणार कशी. उत्तर फिलिस फ्रेलिक या बहिऱ्या अमेरिकन नटीच्या कामात आहे. हा सिनेमा त्याच नावाच्या नाटकावरून निघाला, आणि त्यातली सारा मुळात तिच्यासाठी लिहिलेली. बहिऱ्या नटीला साजेशा भूमिकाच नाहीत, हे तिच्याशी बोलताना नाटककार मार्क मेडॉफ यांना कळलं आणि त्यांनी नाटकच लिहिलं. सारा खुणांनी बोलते. समोरचा जेम्स, म्हणजे बहिऱ्यांच्या शाळेतला ऐकू येणारा शिक्षक, तिचं म्हणणं आपल्या बोलण्यात गुंफत जातो. ऐकणाऱ्या प्रेक्षकाला सगळं कळतं, आणि शेवटाकडचा एक भांडणाचा प्रसंग सोडला तर साराला आपली भाषा सोडावी लागत नाही. मला ही रचना फार मोलाची वाटते. १९८० साली फिलिसला टोनी, म्हणजे अमेरिकी रंगभूमीचं मानाचं पारितोषिक, मिळालं, ते मिळवणारी ती पहिली बहिरी कलावंत. सिनेमात मात्र ही भूमिका मॅटलिनकडे गेली.

फिलिस अमेरिकेतल्या नॉर्थ डकोटाची. आईवडील बहिरे, नऊ भावंडांत ती थोरली, म्हणजे खुणांची भाषा घरचीच. पुढे नॅशनल थिएटर ऑफ द डेफ या बहिऱ्या कलावंतांच्या नाट्यसंस्थेच्या संस्थापक कलावंतांत ती होती.

आमच्या जळगाव-धुळ्याकडे मूकबधिर शाळांच्या स्नेहसंमेलनात मुली काय सुंदर नाचतात! पण हौशी नाटकाच्या तालमीला त्यांना बोलावलेलं मी पाहिलेलं नाही. इथे खानदेशातले नाटकवाले असतील तर त्यांना विनंती: पुढची एकांकिका अशा मुलीला मध्यभागी ठेवून लिहा, आणि खुणांची भाषा येणाऱ्या शिक्षिकेला पहिल्या वाचनापासून सोबत घ्या.