मॅक लिआमॉर लंडनचा निघाला, म्हणून तो आयरिश नट नव्हता का?

तिसरी घंटा

डब्लिनच्या गेट थिएटरचा एक संस्थापक, नट मिहाल मॅक लिआमॉर. त्याच्याबद्दल हल्ली कुठेही वाचा, सुरुवातीलाच सांगितलेलं असतं की हा मुळात आयरिश नव्हताच. त्याचं पन्नास वर्षांचं काम उरलेल्या जागेत उरकतात. मला हे अन्यायाचं वाटतं, म्हणून हा धागा.

ज्यांना हा माणूस ठाऊक नाही त्यांच्यासाठी आधी थोडी माहिती. २५ ऑक्टोबर १८९९ ला लंडनच्या केन्सल ग्रीन भागात एका इंग्रज घरात आल्फ्रेड विलमोर नावाचा मुलगा जन्मला. लहानपणीच लंडनच्या रंगभूमीवर उभा राहिला. १९११ मध्ये एका बालनाट्यात त्याच्याबरोबर पुढे नामवंत नाटककार झालेला नोएल कॉवर्ड होता, पुढे 'पीटर पॅन'मध्येही त्याने काम केलं. मग स्लेड कला विद्यालयात चित्रकला शिकला. त्याच सुमारास लंडनमध्ये गेलिक लीगचे (आयरिश भाषा जपण्यासाठीच्या संस्थेचे) आयरिश भाषेचे वर्ग चालत, तिथे जाऊ लागला. १९१७ मध्ये तो आयर्लंडला गेला आणि तिथून पुढे तो झाला कॉर्कमध्ये जन्मलेला मिहाल मॅक लिआमॉर. १९७८ मध्ये मरेपर्यंत त्याने ही जन्मकथा सोडली नाही. ती बनावट होती हे लोकांना कळलं ते मुख्यतः १९९० नंतर आलेल्या चरित्रांमधून.

आता काम बघा. १९२७ मध्ये तो बहिणीच्या नवऱ्याच्या, अ‍ॅन्यू मॅकमास्टरच्या फिरत्या नाटक कंपनीत होता. तिथे त्याला हिल्टन एडवर्ड्स भेटला. पुढच्याच वर्षी या दोघांनी दोन नाट्यगृहं सुरू करून दिली. ऑगस्ट १९२८ मध्ये गॉलवेला आयरिश भाषेचं नाट्यगृह उघडलं ते मॅक लिआमॉरच्याच आयरिश नाटकाने, डिअरमुड आणि ग्रानिया यांच्या पुराणकथेवरच्या. ऑक्टोबरमध्ये डब्लिनला गेट सुरू झालं ते इब्सेनच्या 'पीअर गिंट'ने. अ‍ॅबी थिएटर हे डब्लिनचं राष्ट्रीय नाट्यगृह तेव्हा खेड्यातल्या स्वयंपाकघरात घडणाऱ्या वास्तववादी नाटकांसाठी ओळखलं जाई. गेटने युरोपातलं सगळं नवं नाटक डब्लिनला आणलं. मॅक लिआमॉर तिथे प्रमुख भूमिका करायचा, नेपथ्य आणि वेशभूषाही त्याचीच. कथा, नाटकं, रोजनिशी आयरिशमध्ये लिहायचा.

एखादी भाषा वर्गात बसून शिकायची आणि मग आयुष्यभर तीत लिहायचं, याला मी वेषांतर म्हणणार नाही. जन्माचा दाखला खोटा असेल, नट खरा होता आणि आयरिशच होता.

विंगेतून

असहमत. आणि ठाम असहमत.

त्याने भाषा शिकली याबद्दल कोणाचीच तक्रार नाही. तक्रार आहे ती कॉर्कच्या बालपणाबद्दल, रचलेल्या पूर्वजांबद्दल. आयरिश ही पश्चिम किनाऱ्यावरच्या गरीब माणसांची भाषा उरली होती. एकोणिसाव्या शतकात शाळेत ती बोलली म्हणून मुलांना मार बसत होता. ज्यांच्या घरात ही भाषा असा मार खाऊन टिकली, त्यांच्यात येऊन 'मी जन्माने तुमच्यातलाच' असं म्हणणं साधं नाही. 'मी लंडनचा, तुमची भाषा मला आवडली म्हणून शिकलो' असं म्हणाला असता तर त्या भाषेचा केवढा मोठा सन्मान झाला असता! ती संधी त्याने घालवली.

'त्या काळी इंग्रज माणसाला डब्लिनने स्वीकारलं नसतं' असं कोणी म्हणणार असेल तर हिल्टन एडवर्ड्सकडे बघावं. तोही लंडनचाच, १९०३ चा. त्याने आपलं इंग्रज असणं कधी लपवलं नाही. त्याच शहरात, त्याच थिएटरात, त्याच प्रेक्षकांपुढे आयुष्यभर काम केलं. १९७३ मध्ये डब्लिनने शहराचा सर्वोच्च नागरी सन्मान दिला तो दोघांनाही.

आणखी एक. १९१६ पासून ब्रिटनमध्ये सक्तीची लष्करभरती सुरू होती, आयर्लंडमध्ये ती लागू झाली नाही. ऑक्टोबर १९१७ मध्ये आल्फ्रेड विलमोर अठरा वर्षांचा होणार होता आणि त्याच वर्षी त्याने लंडन सोडलं. त्याच्या मनात काय होतं ते मी सांगू शकत नाही, पण या तारखा शेजारी ठेवून बघायलाच हव्यात.

कोजागरी

विंगेतून, एडवर्ड्सचा मुद्दा बिनतोड आहे असं तुम्हाला वाटतंय. मला तो अर्धाच दिसतो.

हे दोघं एकत्र राहणारं जोडपं होतं, आणि अख्ख्या डब्लिनला ते माहीत होतं. ज्या ब्रिटिश कायद्याखाली १८९५ मध्ये लेखक ऑस्कर वाइल्डला शिक्षा झाली, तो स्वतंत्र आयर्लंडनेही तसाच ठेवला. समलिंगी संबंध तिथे गुन्ह्यातून वगळले गेले ते १९९३ मध्ये. आपल्याकडे तर ३७७ कलमाबाबत तो दिवस २०१८ मध्ये आला, तेव्हा अशा कायद्याच्या सावलीत जगणं म्हणजे काय हे आपल्याला वेगळं सांगायला नको. अशा देशात हा माणूस रंगमंचाबाहेरही चेहऱ्याला रंग लावून आणि डोक्यावर केसांचा टोप घालून रस्त्याने चालायचा. त्याला लपायचं असतं तर त्याने काय लपवलं असतं? जे उघड करणं खरंच धोक्याचं होतं ते त्याने उघड्यावर जगून दाखवलं. जन्मगाव मात्र दडवलं. म्हणून 'लबाड' हा शिक्का मला फार घाईचा वाटतो.

१९७८ मध्ये त्याच्या अंत्यविधीला राष्ट्राध्यक्ष पॅट्रिक हिलरी आले आणि त्यांनी सांत्वन केलं ते एडवर्ड्सचं, घरच्या माणसाचं करावं तसं. ज्या देशाचा कायदा या नात्याला गुन्हा म्हणत होता, त्याच देशाचा राष्ट्रप्रमुख हे करत होता. ही जागा त्या दोघांनी पन्नास वर्षं तिथे राहून कमावली होती.

डब्लिनकर

मी नोकरीमुळे काही वर्षं इथे आहे. गेट अजूनही पार्नेल चौकाजवळ त्याच इमारतीत चालू आहे. १९३० मध्ये ते तिथे गेलं, त्या वेळी 'फाउस्ट' केलं होतं.

माझ्या ओळखीच्या आयरिश लोकांना या विषयाचा राग येताना मी पाहिलेला नाही. त्यांच्याकडे जवळजवळ सगळेच शाळेत आयरिश शिकतात आणि बहुतेकांची ती पुढे सुटते. लंडनचा एक मुलगा येऊन तीत पुस्तकं लिहून गेला याचं त्यांना कौतुक वाटतं. अर्थात ही माझ्या आजूबाजूची माणसं. गॉलवेच्या पलीकडे, जिथे ही भाषा घरात बोलतात, तिथे कोणी वेगळं बोलेल.

विंगेतून

कोजागरी, धाडसाबद्दल शंका नाही. पण एका बाबतीतलं धाडस दुसऱ्या बाबतीतल्या खोट्याची भरपाई करत नाही. आणि हे खोटं एकदा बोलून संपलं असंही नाही. १९७७ मध्ये, म्हणजे मरणाच्या आदल्या वर्षी, त्याने आपल्या आयुष्यावरचं शेवटचं पुस्तक काढलं, त्याच्या उपशीर्षकातही 'आयरिश नट' आहेच. तोवर सगळे सन्मान मिळून गेले होते. सांगून टाकायला कोणाची आडकाठी होती?

डब्लिनकर, राग न येणं मी समजू शकतो. माझा आक्षेप वाचक म्हणून आहे. आत्मचरित्र म्हणून हातात दिलेलं पुस्तक मी विश्वासाने वाचतो. बालपणच रचलेलं असेल तर पुढच्या कोणत्या पानावर विश्वास ठेवायचा?

रंगपेटी

जन्मस्थानावर एवढं लिहून झालं, अभिनयावर कोणीच काही बोललेलं नाही. मला त्याचा अभिनयच थोडा अवघड वाटतो. आवाज भारदस्त, उच्चार कोरीव, प्रत्येक वाक्य सजवून ठेवलेलं. ही जुन्या पठडीची शैली आहे. सिनेमातलं काम तर अगदी थोडं. १९६३ च्या 'टॉम जोन्स'मध्ये तो दिसत नाही, फक्त निवेदकाचा आवाज आहे. 'द क्रेमलिन लेटर' वगैरे छोट्या भूमिका. एवढ्या कामावर जागतिक दर्जाचा नट म्हणायचं का?

तिसरी घंटा

रंगपेटी, तुम्ही 'ऑथेल्लो' सोडलात! शेक्सपिअरच्या नाटकावरचा, अमेरिकन नट-दिग्दर्शक ऑर्सन वेल्सचा चित्रपट, १९५२ मध्ये कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळालेला. त्यात मॅक लिआमॉरचा खलनायक इयागो बघा आणि मग आवाज सजवण्याबद्दल बोलू. पन्नाशीला आलेला नट, तोवर कॅमेऱ्याशी जवळजवळ संबंध नाही, आणि तरी किती कमी करतो. डोळे बारीक, चेहरा थंड, वाक्य जाता जाता टाकल्यासारखं. हा इयागो दुष्टपणाचा आनंद घेत नाही, आतून वाळलेला आहे. देवलांच्या 'झुंझारराव'मुळे हे कथानक आपल्या रंगभूमीला जुनं ओळखीचं आहे, त्यामुळे मराठी नाट्यवेड्या माणसाने तरी ही भूमिका पाहायलाच हवी.

त्या चित्रपटाची हालत सगळ्यांनी वाचली असेल. १९४९ मध्ये मोरोक्कोच्या मोगादोर गावात चित्रीकरण सुरू झालं. पैसे संपले की काम बंद, वेल्स दुसऱ्या सिनेमात काम करून पैसे आणणार, मग पुन्हा सुरू. कपडे आले नाहीत म्हणून रोडेरिगोच्या खुनाचा प्रसंग हमामात घेतला, तिथे कपड्यांची गरजच नव्हती. मॅक लिआमॉरने या सगळ्याची रोजनिशी ठेवली आणि १९५२ मध्ये ती पुस्तकरूपात आली. सिनेमा कसा बनतो यावर नटाने लिहिलेलं याहून चांगलं पुस्तक मी वाचलेलं नाही. विंगेतून, तुम्ही विचारलंत ना कोणत्या पानावर विश्वास ठेवायचा? या पानांवर ठेवा.

आणि वेल्सचं नाव निघालंच आहे तर सांगतो. १९३१ मध्ये सोळा वर्षांचा वेल्स गेटच्या दारात आला आणि म्हणाला, मी न्यूयॉर्कचा नामवंत नट आहे. दोघांनी ते खरं मानलं नाही, तरी त्याची चाचणी घेतली आणि त्याला एका सरदाराची मोठी भूमिका दिली. पुढे तीसेक वर्षांनी मायकेल गॅम्बनने ('हॅरी पॉटर' चित्रपटांतला पुढचा डम्बलडोर) रचलेल्या अनुभवाची यादी पत्रात पाठवली. त्यालाही घेतलं, १९६२ च्या 'ऑथेल्लो'त अगदी छोट्या भूमिकेत. या थिएटरने माणसाला विचारलं ते एवढंच, उभा राहून दाखवतोस का?

विंगेतून

वेल्स आणि गॅम्बन यांनी नोकरीसाठी थाप मारली, पहिल्याच प्रयोगात त्यांचं खरंखोटं कळणार होतं. एका जमातीचा इतिहास आपल्या नावावर घेणं याच्या शेजारी ते बसत नाही.

कोजागरी

जमातीचा इतिहास म्हणालात म्हणून १९२९ च्या नाटकाची आठवण देते, डेनिस जॉन्स्टनच्या. 'द ओल्ड लेडी सेज "नो!"'. अ‍ॅबीने नाकारलं, गेटने केलं. एक नट आयरिश हुतात्मा रॉबर्ट एमेटची भूमिका करत असतो, डोक्याला मार बसतो आणि शुद्ध हरपते. मग आपण एमेटच आहोत अशा समजुतीने तो आधुनिक डब्लिनमधून भटकतो आणि त्याच्या स्वप्नातल्या देशाचं आजचं रूप त्याच्या अंगावर येतं. ती भूमिका मॅक लिआमॉरची. पुढच्या पुनरुज्जीवनांतही तो ती अनेक वर्षं करत राहिला.

स्वतःला देशभक्त समजणारा नट, आणि त्याला न ओळखणारा देश. हे नाटक त्या देशाच्या वर्मावर बोट ठेवतं, आणि ते पेलायला आयरिशपण बाहेरून, डोळे उघडे ठेवून स्वीकारलेला माणूसच लागतो असं माझं मत आहे. जन्मतः मिळालेल्या गोष्टीकडे आपण इतकं बारकाईने बघत नाही.

रंगपेटी

'ऑथेल्लो' पाहिलाय मी, इयागो उत्तम आहे हे मान्य. पण तिथे वेल्सने त्याला दाबून धरलं असेल तर श्रेय दिग्दर्शकाचं. माझा प्रश्न त्याच्या रंगमंचावरच्या शैलीचा आहे.

तिसरी घंटा

मग १९६० चा वाइल्डवरचा एकपात्री घ्या, 'द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग ऑस्कर', दिग्दर्शन एडवर्ड्सचं. साठी गाठलेला माणूस एकटा रंगमंचावर. वाइल्डची नक्कल नाही. निवेदक म्हणून बोलता बोलता वाइल्डचे शब्द घेतो आणि पुन्हा बाहेर येतो. तुम्हाला खटकतो तो कोरीव उच्चार इथे नेमका जागेवर बसतो, कारण वाइल्डची भाषाच तशी आहे. लंडन झालं, १९६१ मध्ये ब्रॉडवे झालं आणि पुढे किती देश. १९७५ पर्यंत हा प्रयोग तो करत होता. वाइल्ड डब्लिनचा, पण त्याला इंग्रजांचा लेखक म्हणून सोडून दिलं होतं. त्याला आयर्लंडकडे परत आणण्यात या प्रयोगाचा वाटा फार मोठा आहे. डब्लिनला जन्मून लंडनचा झालेला वाइल्ड, आणि लंडनला जन्मून डब्लिनचा झालेला हा.

विंगेतून, तुम्हाला सरळ विचारतो. तुम्ही नाट्यकोशासाठी नोंद लिहिलीत तर पहिली ओळ काय असेल?

विंगेतून

'मिहाल मॅक लिआमॉर, जन्मनाव आल्फ्रेड विलमोर, जन्म लंडन १८९९. आयरिश रंगभूमीवरील नट, नेपथ्यकार आणि लेखक.' जन्म पहिल्या ओळीत राहील. 'आयरिश नट' मी लिहिणार नाही, 'आयरिश रंगभूमीवरील नट' लिहीन.

तिसरी घंटा

मी 'आयरिश नट'च लिहीन, आणि जन्म दुसऱ्या परिच्छेदात, चरित्राच्या जागी. त्याआधी पहिल्या परिच्छेदात गेट, गॉलवे, इयागो आणि वाइल्ड यायला हवेत.

डब्लिनकर

दोन्ही नोंदी छापा. पण हिल्टन एडवर्ड्सचीही स्वतंत्र नोंद करा. या धाग्यावर आपण त्याला फक्त पुरावा म्हणून वापरलंय. गेटची प्रकाशयोजना आणि दिग्दर्शन बहुतेक त्याचंच होतं.