'सेप्पुकू' (१९६२): सायतो चुकला का? (रसभंग आहे)

रात्रपाळी: मासाकी कोबायाशीचा हा चित्रपट जपानबाहेर 'हाराकिरी' नावाने ओळखतात. साल १६३०, एदो (आजचं टोकियो). बेकार रोनिन (धनी नसलेला सामुराई) मोतोमे ईई घराण्याच्या वाड्यावर येऊन म्हणतो, तुमच्या अंगणात पोट चिरून मरू द्या. चार पैसे देऊन वाटेला लावतील, ही आशा. कारभारी सायतो त्याला खरंच मरायला लावतो, तेही कमरेच्या बांबूच्या पात्याने. सायतो क्रूर आहे, पण चुकला नाही. सेन्गोकू घराण्याने अशाच एकाला चाकरीला ठेवलं आणि घरोघरी रांग लागली.

तिरफळ: रांग मोडायला हाकलून देणं पुरे होतं. आणि नियमाचंच बोलायचं तर काइशाकू, म्हणजे मान उडवणारा, असतो कशाला? हाल लवकर संपावेत म्हणून. इथला काइशाकू ओमोदाका मात्र पोट उभं-आडवं चिरून झाल्याशिवाय हात उचलणार नाही म्हणतो. बांबू चिरत नाही. मोतोमे त्यावर अंगाचा भार टाकतो, शेवटी जीभ चावतो. याला विधी म्हणायचं?

खवचट: अहो, पण बांबू आणला कुणी? तलवार म्हणजे सामुराईचा आत्मा, असं हेच लोक सांगत फिरतात. विकली ना?

म्यानबंद: बायको-मूल आजारी, म्हणून विकली. आणि फक्त पाती. जपानी तलवारीचं पातं मुठीत 'मेकुगी' नावाच्या छोट्या खुंटीवर अडकलेलं असतं. खुंटी ठोकून काढली की पातं सुटतं. मूठ-म्यान तसंच राहतं, बाहेरून पत्ता लागत नाही. ईईच्या माणसांनी मात्र ते आधीच तपासलं होतं. विधीत पातं मुठीविना, कागद गुंडाळून तबकात ठेवतात. वाड्यातलं एखादं ठेवायला काय जात होतं? मुद्दाम ठेवलं नाही. त्याने मागितलेली एक-दोन दिवसांची मुदतही नाकारली.

तिरफळ: +१. सासरा हान्शिरोचं (तात्सुया नाकादाई, काय आवाज आहे!) दुःख तर उलटंच आहे: जावयाने पाती विकली आणि आपण आपल्या तलवारीला कवटाळून बसलो, विकायचं सुचलंसुद्धा नाही.

खवचट: हं. खुंटीचं ठाऊक नव्हतं. तबकाचा मुद्दा बिनतोड.

म्यानबंद: आणि सायतोचा नियम शेवटी कुठे जातो बघा. जाब विचारायला आलेल्या एकट्या हान्शिरोवर बंदुका आणतात. त्याने ज्यांच्या शेंड्या कापल्या ते ओमोदाकासकट तिघे आजारपणाचं सोंग करून घरी दडलेले, आणि घराण्याच्या वहीत आपल्या सगळ्या मृतांची नोंद 'आजाराने' अशी.

रात्रपाळी: वही खोटी, कबूल. हाकलून दिलेला मोतोमे दुसऱ्या दिवशी शेजारच्या वाड्यावर गेला असता, त्याचं काय?

तिरफळ: गेला असता. जिवंत गेला असता.