स्वप्नखोखो: झोपेत पळालं तर त्याला खेळ म्हणायचं का?

खांब_ते_खांब (धाराशिव जिल्हा):
काल ‘पहाटस्वप्न’ यांनी इथं स्वप्नखोखो नावाच्या कल्पनेतल्या खेळाची नियमावली टाकली. अठरा गडी एका हॉलमध्ये झोपवायचे, सगळ्यांना एकच स्वप्न पडायचं, मैदान त्या स्वप्नातच उभं राहायचं. पाठलाग करणाऱ्याचा हात लागला की पळणारा जागा होतो, म्हणजे बाद. कल्पना म्हणून इथवर ठीक. पण शेवटी लिहिलंय, “मैदान नको, बूट नको, खुराक नको. मराठवाड्यातल्या लेकरांना पहिल्यांदाच समान संधी.” या वाक्यानं मला रात्री झोप आली नाही.

मैदान नको कसं? आमच्या शाळेला मैदान होतं. निम्म्यावर गाळे बांधले, उरलेल्यावर मंगळवारचा बाजार भरतो. बुधवारी सकाळी पोरी आधी सडकी भाजी अन् काचा वेचतात, मग 27 बाय 16 मीटरची चुन्याची आखणी करतात. मी दोन वर्षं अर्ज घेऊन फिरायलोय. उद्या एखाद्या साहेबानं तुमचं वाचलं तर मलाच म्हणंल, सर, आता मैदान कशाला पाहिजे?

सारिका काळे याच धाराशिवची. 2016 च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकलेल्या महिला खोखो संघाची कर्णधार, 2020 ला अर्जुन पुरस्कार. खांबाजवळ सूर मारला की कोपराची साल निघते. दुसऱ्या दिवशी खपली धरायच्या आत त्याच कोपरावर परत सूर मारायचा असतो. ते स्वप्नात कुठून आणणार?

पहाटस्वप्न (परभणी):
सर, तुमचं मैदान मी घेतलेलं नाही. ज्यांनी घेतलं त्यांच्यावरचा राग माझ्यावर काढू नका.

अन् सगळंच हवेतलं नाही. 1975 साली इंग्लंडात कीथ हर्न यांनी स्वप्नात असलेल्या माणसाकडून डोळ्यांच्या ठरलेल्या हालचालींनी खूण मिळवली. 2021 मध्ये चार देशांतल्या प्रयोगशाळांनी झोपलेल्या माणसांना प्रश्न विचारले, एकानं आठ वजा सहाचं उत्तर डोळे हलवून बरोबर दिलं. 2010 च्या जर्मन प्रयोगात ज्यांना स्वप्नात नाणं कपात टाकायचा सराव जमला, त्यांचा नेम जागेपणी सुधारला. दोघांना एकच स्वप्न पाडणं अजून कुणाला जमलेलं नाही, हे मी पहिल्याच ओळीत लिहिलंय. पण उद्या जमलं तर नियम आपल्या माणसांनी केलेले असावेत, एवढंच माझं म्हणणं आहे.

खांब_ते_खांब:
नेम सुधारंल. दम सुधारंल का? स्वप्न पडतं तेव्हा हातपाय लुळे असतात, म्हणून तर आपण झोपेत उठून पळत नाही. नऊ मिनिटं पाठलाग करायचा तर पोटऱ्या लागतात.

बालाघाट (केज):
तुम्ही दोघं मैदानावर भांडायलात. झोप कुणाला आहे, हे कुणीच विचारलं नाही.

मी चौथी ते सातवी दर साल दिवाळी झाली की आई-बापासंग ऊसतोडीला साखर कारखान्याला जायचो. कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत झोपायचं. पहाटे तीनला माय पायाचा अंगठा ओढून उठवायची. आवाज देत नव्हती, धाकटी उठू नये म्हणून. मग फडात मोळ्या बांधायच्या. स्वप्नाची झोप रात्रीच्या शेवटच्या टप्प्यात जास्त असते, हे नियमावलीतच आहे. आमची ती झोप उसात गेली. समान संधी म्हणताना हे लेकरू धरलं होतं का?

रात्रपाळी (जिंतूर):
बालाघाटशी शंभर टक्के सहमत. आमच्याकडं मोटरीची थ्री फेज लाईट एक आठवडा दिवसा, एक आठवडा रात्री. गव्हाला पाणी धरायचं, बॅटरी दातात, दोन्ही हातात खोरं. परवाच्या हिवाळ्यात दारं धरताना चुलतभावाला साप चावला. वाचला, पण आता रात्री बांधावर एकटा जात नाही, म्हणून मी जातो. पोरगा नववीत आहे, खोखोत चांगला आहे. मी शेतात गेलो की तो जागाच असतो. मी आल्याशिवाय डोळा लागत नाही म्हणतो.

लातूर_व्हाया_पुणे:
विषय खेळाचा आहे. लाईटचा वेगळा धागा काढा. अन् रडगाणं किती दिवस? जानेवारी 2025 मध्ये दिल्लीत पहिला विश्वचषक झाला, आपल्या मुलींनी नेपाळला 78-40 हरवलं. कर्णधार प्रियंका इंगळे, मूळची केज तालुक्यातली. आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा धावपटू अविनाश साबळे आशियाई स्पर्धेचं सुवर्ण घेऊन आला. मेहनत केली की होतं.

बालाघाट:
माझ्याच तालुक्याचं नाव घेऊन मला शिकवू नका. प्रियंका पिंपरी-चिंचवडला वाढली, तिथं खेळली. ती गावातच राहिली असती तर काय झालं असतं, याचं उत्तर तुमच्याकडं आहे का? मला तिचा अभिमान आहे. पण एक जिंकली म्हणून राहिलेल्या सगळ्या आळशी ठरत नाहीत.

रात्रपाळी:
आमच्या झोपेचं बोललं की वेगळा धागा. बिल भरायला मात्र एकच रांग.

लातूर_व्हाया_पुणे:
आळशी मी म्हणालो नाही. रडगाणं हा शब्द मागे घेतो. बाकी मत तेच.

डावा_गुडघा (अंबाजोगाई):
लिहू का नको करत होतो. मी राज्य पातळीपर्यंत खेळलो. एकोणिसाव्या वर्षी एका सामन्यात हूल देताना पाय फिरला, गुडघ्यात काडी मोडल्यासारखा आवाज आला. ऑपरेशनचे पैसे नव्हते. आता जिना चढताना कठडा धरतो.

महिन्यातून एखाद्या रात्री स्वप्नात मी साखळीत पळतो. बसत्यांच्या मधून, एक आत, एक बाहेर. पायाखालचा मुरूम कळतो. मागून “खो” ऐकू येतो अन् त्या आवाजावरून कोण उठलं तेही कळतं. जाग आली की आधी गुडघ्यावर हात जातो. सर म्हणतात तो खेळ नाही. सर, माझ्याजवळ आता तेवढाच खेळ उरलाय. कुणी त्यात दुसरा गडी आणून देणार असंल तर मी फरशीवर झोपायला तयार आहे.

खांब_ते_खांब:
गुडघ्यांनी लिहिलेलं तीनदा वाचलं. त्यांच्यासाठी तो खेळ आहे, मान्य. ज्याचा पाय गेला त्याला मी मातीचं कौतुक सांगणार नाही. पण ज्यांचे पाय शाबूत आहेत त्यांच्या मैदानाच्या बदल्यात हे चालणार नाही. नियमावलीतलं “मैदान नको” काढा.

पहाटस्वप्न:
काढतो. “समान संधी” पण काढतो. बालाघाटनं विचारलेल्या लेकराला मी धरलं नव्हतं. मी परभणीत पंख्याखाली बसून लिहिलं.

पण खेळ सोडणार नाही. झोपेची अट कशी घालायची ते सांगा. सामन्याच्या आधी प्रत्येक गड्याला आठवडाभर पुरती झोप मिळालीच पाहिजे, असा नियम केला तर?

बालाघाट:
नियम करा. पण हंगामात पहाटे तीनला फडावर कोण जाणार, ते पण त्यात लिहा.

रात्रपाळी:
आज लाईट बारापासून आहे. मोटर चालू करायला निघालो. पुढचं सकाळी वाचतो.