काठ : साडीचा, मडक्याचा, नदीचा

प्रश्न

पुरातत्त्वावरच्या एका मराठी लेखाचं मुद्रितशोधन करतो आहे. लेखकाने एके ठिकाणी लिहिलंय, "काठाची खापरं आधी वेगळी काढली." माझ्याआधी ज्यांनी मजकूर वाचला त्यांनी समासात पेन्सिलीने शेरा मारलाय, "काठ साडीला असतो. इथे 'कडेची' किंवा 'किनारीची' हवं." मलाही काठ म्हटलं की आधी लुगडं-धोतर आठवतं, मग नदी. म्हणून जाणकारांना विचारतो. काठ हा मुळात कापडाचा शब्द आणि मडक्याकडे तो उसना गेला, असं आहे का? कड, किनार आणि काठ यांत फरक करावा की तिन्ही चालवून घ्यावेत? शिवाय हिंदीत काठ म्हणजे लाकूड. त्याच्याशी याचं काही नातं?

प्रतिसाद १

लेखकाचं बरोबर आहे. "कडेची खापरं" केलंत तर वाक्यातला जीवच जाईल.

खापर म्हणजे फुटक्या भांड्याचा तुकडा. त्याला सगळीकडून कडाच असतात. जिथे फुटलं तिथे कड. काठ मात्र प्रत्येक खापराला नसतो. भांड्याच्या तोंडाचा भाग ज्या तुकड्यावर शिल्लक राहिला त्यालाच काठ, आणि तोही एकाच बाजूला. डोळे मिटून बोट फिरवलंत तरी कळेल. बाकीच्या बाजू खरखरीत, टोचणाऱ्या, आतला भाजलेल्या मातीचा गाभा उघडा पडलेला. एक बाजू तेवढी गुळगुळीत, गोलसर, बहुतेक वेळा बाहेर किंचित वळलेली. तो काठ.

उत्खननात ही खापरं आधी निवडून काढतात त्याला कारण आहे. नुसत्या पोटाच्या तुकड्यावरून ते भांडं घागर होतं की वाडगा, हे सांगणं कठीण. काठाचा तुकडा एककेंद्री वर्तुळं आखलेल्या कागदावर उपडा धरला, की त्याचा बाक कुठल्या वर्तुळाशी जुळतो ते पाहून तोंडाचा व्यास मिळतो. तो काठ वर्तुळाचा केवढा हिस्सा भरतो त्यावरून भांड्याचा किती भाग हाती लागला याचाही अंदाज येतो. डेक्कन कॉलेजने घोड नदीवरच्या इनामगावला १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केलं, तशा ठिकाणी खापरांचे ढीग निघतात. त्या ढिगात ओळख सांगणारे तुकडे मुख्यतः काठाचे, तोटीचे आणि रंगवलेले.

कुंभाराच्या कामातही काठ हा वेगळा टप्पा आहे. चाकावर माती वर उचलून भांड्याला उंची आली, की ओल्या चिंधीची पट्टी तोंडावर दुमडून धरतात आणि चाक फिरू देतात. त्याने माती दाबली जाते, काठ सफाईदार होतो आणि वाळताना सहसा तडकत नाही. मग दोऱ्याने भांडं चाकावरून कापून घेतात. आपल्याकडच्या मोठ्या मडक्यांचं तर चाकावर पुरं होतं ते फक्त काठ आणि गळा. पोट तेव्हा जाड आणि बुटकं असतं. माती जरा सुकली की आतून दगडी गुंडा टेकवून बाहेरून लाकडी थापटण्याने ठोकत ठोकत ते फुगवतात. काठ आधी, अंग मागाहून. म्हणूनच अशा मडक्याच्या गळ्याशी चाकाच्या बारीक समांतर रेघा दिसतात आणि पोटावर ठोकल्याच्या खुणा.

आता कापड. मागावर आडवा धागा एका टोकाला पोचला की शेवटच्या उभ्या धाग्याला वळसा घालून परत फिरतो. हे वळसे एकापाठोपाठ एक बसत जी बाजू तयार होते ती उसवत नाही. तो काठ. तेच कापड मधून कात्रीने कापा. सुतं सुटणारी जी बाजू मिळेल तिला शिंपीसुद्धा काठ म्हणणार नाही. ती कड, दुमडून शिवावी लागते. लांबीच्या टोकाला उभे धागे मोकळे सुटतात त्या दशा.

तेव्हा माझ्या मते फरक असा : वस्तू घडतानाच जी बाजू बांधली जाते तो काठ, वस्तू तुटल्या-कापल्यावर उरते ती कड. तुमच्या लेखकाला नेमकं हेच म्हणायचं आहे.

प्रतिसाद २

उसनवारीचा प्रश्न उलटा विचारायला हवा. काठ आला संस्कृत कंठावरून. संस्कृतात कंठ माणसाला तसा घागरीलाही आहे, आणि 'उपकंठ' म्हणजे लगतचा प्रदेश. मराठीत कंठ हा तत्सम शब्द गळ्यापुरता आणि आवाजापुरता राहिला. झिजून झालेला काठ पाण्याला, भांड्याला आणि कापडाला लागला. म्हणजे मडक्याचा काठ मुळाच्या जास्त जवळ बसतो. उसना म्हणायचाच तर साडीचा म्हणावा लागेल.

जुनी छापील पुस्तकं काढून पाहा. "नदीच्या कांठीं", "धोतराचा कांठ" असं डोक्यावर टिंब देऊन छापलेलं सापडेल. दंत, दांत, दात. पंच, पांच, पाच. तसंच कंठ, कांठ, काठ. १९६२च्या लेखननियमांनी उच्चारात नसलेले अनुस्वार काढून टाकले. लिहिणाऱ्यांची सोय झाली, पण शब्दाचं कूळ सांगणारी खूणही त्याबरोबर गेली. (मला ती सोय मान्य आहे. तरी काही टिंबांबद्दल हळहळ वाटते, त्यांतलं हे एक.) गुजरातीने मात्र 'कांठो' अजून जपलाय.

लाकडाचा काठ काष्ठापासूनचा. त्यात अनुनासिक नव्हताच, म्हणून आधाराची काठी जुन्या पुस्तकांतही बिनटिंबाची. डोलकाठी, अंगकाठी त्या घराण्यातल्या. नदीकाठाशी त्यांचं काही नातं नाही, फक्त आता दोघे दिसतात सारखे.

प्रतिसाद ३

पहिल्या प्रतिसादातली वाटणी देखणी आहे, पण नदीला काठ कुणी घडवला? विहिरीचा बांधीव म्हणू, डबक्याचं काय? आणि स्वयंपाकघरात "पोळीचे काठ जाड राहिले" नि "पोळीच्या कडा कच्च्या राहिल्या" ही दोन्ही वाक्यं एकाच तोंडून ऐकू येतात. तिथे काय तुटलं, काय बांधलं?

प्रतिसाद ४ (पहिल्या प्रतिसादकाकडूनच)

नदीसाठी दुसरी अट जोडा : आतलं धरून ठेवतो तोही काठ. नदी, तळं, विहीर, डबकं, सगळ्यांना काठ आहे. रस्त्याला नाही. गाडी आपण रस्त्याच्या कडेला लावतो, काठाला लावली तर रस्त्यावरून पाणी वाहतंय असं वाटेल. टेबलाला, वहीला, पायरीला कड. परातीला काठ, आणि तो उभा असला तर "उभ्या काठाची परात". डोळ्यांत पाणी असूनही ओलावतात त्या कडा, तिथे रूढीने कड धरली आणि ती पक्की झाली.

पोळीचं उदाहरण मला माझ्याच बाजूचं वाटतं. पोळी लाटता लाटता तिचा काठ होतो, म्हणून तिथे दोन्ही शब्द चालतात. शंकरपाळ्याला कातण फिरवून चौकोन पाडतात. शंकरपाळ्याचा काठ असं कुणी म्हटलेलं ऐकलंय का?

वाक्प्रचारांत मात्र पाण्याचा काठच वरचढ आहे. काठावर पास झालेला मुलगा बुडता बुडता वाचलेला असतो. काठावरचं बहुमत तसंच, एक पाय घसरला की आत. आणि काठावर बसून सल्ले देणारा तर पाण्यात उतरलेलाच नसतो.

प्रतिसाद ५

कापडाची बाजू जरा अपुरी राहिली म्हणून लिहिते.

विणकरासाठी काठ ही नुसती बाजू नाही, तो साडीचा स्वतंत्र भाग आहे. काठाचा रंग अंगापेक्षा वेगळा हवा असेल तर त्याला वेगळा धोटा, म्हणजे आडवा धागा इकडून तिकडे नेणारं साधन, लागतो. दोन बाजूंचे दोन काठ आणि मधलं अंग मिळून तीन धोटे चालतात, आणि काठ जिथे अंगाला भेटतो तिथे दोन रंगांचे आडवे धागे एकमेकांत अडकवून पुढे जावं लागतं. पैठणीच्या या सांध्यावर बोट फिरवून पाहा, शिवण लागत नाही. इथे पहिल्या प्रतिसादातलं "घडतानाच बांधला जातो" शब्दशः खरं आहे.

काठांची नावं तर स्वतंत्र लेखाचा विषय आहे. पैठणीचे नारळी आणि पंखा, इरकलीचा गोमी, शिवाय रुईफुली. दोन बाजूंना दोन रंगांचे काठ असले की गंगाजमनी. विदर्भातली टसरची करवतकाठी साडी ऐकून नवख्या माणसाला करवत आणि काठी दिसते. प्रत्यक्षात करवतीच्या दात्यांसारखी नक्षी काठाला असते ती करवतकाठी. लालकाठी धोतरातला 'काठी' हाच. म्हणजे मराठीत तीन काठ्या झाल्या : हातातली, नदीकाठी म्हणताना येणारी आणि ही विशेषणाची. पहिली वेगळ्या घरची, पुढच्या दोघी बहिणी.

आता किनार. शब्द फारसीतून आला, किनारा त्याचाच भाऊ. किनार बहुधा वरून येते. जरीची किनार लावतात, कागदाला सोनेरी किनार छापतात. म्हणूनच आशयावर काहीतरी वरून चढलं की मराठीला किनार आठवते : वादाला राजकीय किनार असते, आनंदाला दुःखाची किनार असते. यांतल्या एकाही जागी काठ घालून बघा, वाक्य मोडतं. उलट जुन्या साडीचे काठ कापून परकराला लावले तरी आपण त्यांना काठच म्हणतो, कारण ते विणले गेले काठ म्हणूनच.

लिंगाचीही नोंद करून ठेवा, मुद्रितशोधनात उपयोगी पडेल. तो काठ, ते काठ. ती कड, त्या कडा. तो कडा म्हणजे डोंगराचा, आणि त्याचं अनेकवचन कडे. "भांड्याचे कडे" असं कुठे दिसलं तर लाल पेन उचला.

प्रतिसाद ६

काठोकाठ राहिला. गावोगाव, दारोदार यांसारखीच घडण, पण अर्थ निराळा. गावोगाव म्हणजे प्रत्येक गावी. काठोकाठ म्हणजे प्रत्येक काठी नव्हे, तर या काठापासून त्या काठापर्यंत जागा न सोडता. दुसऱ्या प्रतिसादातलं कूळ मान्य केलं तर 'आकंठ' हा त्याचा सख्खा चुलतभाऊ निघतो. माणूस कर्जात आकंठ बुडतो, घागर काठोकाठ भरते. मूळ एकच, पण जागा बदलून चालत नाही.

धान्याला मात्र काठोकाठ पुरत नाही. पायलीच्या काठावर चढलेली रास म्हणजे शीग, आणि तशी भरलेली पायली शिगोशीग. पाण्याला शीग येत नाही, म्हणून हंडा शिगोशीग भरला असं लिहिणाऱ्याने एकदा भरून दाखवावा. तुडुंब हा सैल शब्द आहे, तो तळ्याला, सभागृहाला आणि जेवलेल्या पोटालाही चालतो.

आणि गंमत म्हणून याच्या उलट दिशेने गेलेला एक शब्द. 'ओतप्रोत' म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे ओतणं येतं, भांडं भरून वाहिल्यासारखं. पण ओत आणि प्रोत दोन्ही विणकामातले : उभं-आडवं विणलेलं, आरपार ओवलेलं. बृहदारण्यक उपनिषदात गार्गी याज्ञवल्क्याला विचारते की हे सगळं पाण्यात ओतप्रोत आहे, तर पाणी कशात ओतप्रोत आहे? तिथे प्रश्न विणीचाच आहे. मराठीने 'ओतणे' शेजारी ठेवून त्याला पाणी पाजलं. "भक्तीने ओतप्रोत" लिहिताना आता भांडं दिसतं, माग दिसत नाही.

मूळ प्रश्नकर्ता

सर्वांचे आभार. "काठाची खापरं" तसंच ठेवतो. अजून एक जागा आहे. पुढे लेखक म्हणतो, "भांड्याच्या किनारीवर काळ्या रंगाचा पट्टा ओढलेला आहे." इथे किनार चालेल?

प्रतिसाद ५ कडूनच

पट्टा हीच किनार आहे, तेव्हा किनारीवर पट्टा म्हणजे पट्ट्यावर पट्टा झाला. "काठावर काळ्या रंगाचा पट्टा" किंवा "काठाला काळी किनार", दोन्ही स्वच्छ. पट्टा नेमका कुठे आहे ते मात्र चित्रात बघून घ्या. तो तोंडाच्या वळलेल्या भागाखाली असेल तर तो गळा. मग काठाचं नाव काढायचं कारण नाही.