‘बेनेवा’ हे बराक जहाज अकरा वर्षांनी पुन्हा सेवेत का आणले गेले?

प्रश्न : प्रतिकृतीकार, जुळे सोलापूर

शाळेच्या प्रदर्शनासाठी मी अमेरिकी नौदलाच्या ‘बेनेवा’ या बराक जहाजाची लाकडी प्रतिकृती करीत आहे. हे जहाज 1946 मध्ये सेवेत रुजू झाले, 1956 मध्ये राखीव ताफ्यात गेले आणि 1967 मध्ये पुन्हा कामावर आले, एवढे मला ठाऊक आहे. ज्या जहाजाचे काम माणसांच्या राहण्याची सोय करणे एवढेच, त्याला इतक्या वर्षांनी बाहेर काढण्याचे कारण काय असावे? अशी जहाजे बंदरातच उभी असतात की लढाईच्या जागीही जातात, हे कळल्यास रंग आणि तोफा ठरवणे सोपे जाईल.

उत्तर : निवृत्त नौसैनिक, होटगी रस्ता

याचे उत्तर जहाजाच्या तळात आहे. ‘बेनेवा’चा सांगाडा रणगाडे किनाऱ्यावर उतरवणाऱ्या एलएसटी जहाजांचा होता, लांबी सुमारे 328 फूट, तळ सपाट आणि बुडी (पाण्याखाली जाणारी खोली) कमी. बोस्टनच्या गोदीत 1945 मध्ये त्याचे जलावतरण झाले, पण ते सेवेत येईपर्यंत महायुद्ध संपलेले होते.

पुढे व्हिएतनाममधील मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात अमेरिकी सैन्यापुढे निराळीच अडचण उभी राहिली. जिकडे पाहावे तिकडे भातखाचरे आणि कालवे. ब्रिगेडचा तळ टाकण्याजोगी कोरडी जमीन इतकी दुर्मीळ, की मी थो गावाजवळचा डाँग टाम तळ नदीतील वाळू उपसून, भराव घालून उभा करावा लागला. तेव्हा नवव्या पायदळ डिव्हिजनच्या दुसऱ्या ब्रिगेडला नदीवरच ठेवावे असे ठरले, आणि सुमारे बाराशे माणसांची सोय असलेली, नदीत आतवर शिरू शकणारी ही जहाजे नेमकी उपयोगी पडली. त्यांतले ‘कॉलटन’ तर बांधून होताच राखीव ताफ्यात गेले होते. त्याची खरी सेवा 1967 मध्येच सुरू झाली.

जहाजाच्या कडेला तराफे बांधलेले असत आणि त्यांना चिलखती नौका लागत. मोहिमेवरून परतलेले जवान गुडघ्याएवढा चिखल आधी तराफ्यावरच धुऊन काढत आणि मगच वर चढत. प्रतिकृतीत हे तराफे अवश्य दाखवावेत, कारण माझ्या मते तोफांपेक्षा या जहाजाची ओळख त्यांच्यातच अधिक आहे. रंग मात्र नेहमीचा नौदली करडा नको; नदीवर ही जहाजे गडद हिरवी रंगवलेली होती.

प्रश्नकर्ता

सर, इतकी माणसे एकाच जागी झोपलेली असताना रात्री पाण्याखालून कोणी सुरुंग लावला, तर काय करत असत?

उत्तर : इतिहासाचा वाचक, विजापूर रस्ता

ती भीती अगदी खरी होती. म्हणून रात्री पहारेकरी थोड्या थोड्या वेळाने पाण्यात हातबाँब टाकत, जेणेकरून बुडी मारून येणाऱ्याला जवळ पोहोचता येऊ नये, आणि जहाजांचा मुक्कामही अधूनमधून हलवला जाई. तरीही 1 नोव्हेंबर 1968 रोजी मी थोजवळ नांगरलेल्या ‘वेस्टचेस्टर काउंटी’ या एलएसटीखाली पहाटेच्या अंधारात सुरुंग फुटले आणि 25 जण ठार झाले, त्यांतले बहुतेक अमेरिकी. ते बराक म्हणून बांधलेले नसले, तरी त्या वेळी नदीवर राहून लढणाऱ्या याच दलाच्या माणसांच्या निवासासाठी वापरात होते. व्हिएतनाम युद्धात शत्रूच्या एकाच हल्ल्यात अमेरिकी नौदलाची झालेली ही सर्वांत मोठी जीवितहानी मानली जाते.

उत्तर : निवृत्त नौसैनिक, होटगी रस्ता

यात एवढीच भर घालतो, की 1969 मध्ये ते नदीदल मोडले आणि ‘बेनेवा’ 1971 मध्ये सेवेतून निघाले. त्याच प्रकारची ‘मर्सर’ आणि ‘न्यूएसेस’ मात्र पुढे जपानमधील अमेरिकी तळांवर दीर्घकाळ राहिली. गोदीत दुरुस्तीला आलेल्या जहाजावर वीज, पाणी आणि भटारखाना बंद असतो, पण खलाशांना तर रोज कामावर यावेच लागते. त्यांच्या राहण्याजेवणाची सोय अशा जहाजांवर होते.