घरची बोअर अन् साळ्याची बोअर: कोणाचा दगड जुना?

पारडीचा_पक्या
मागच्या महिन्यात नागपुरात पारडीले (पूर्वेकडे) घरी बोअर मारली. माती, मुरूम संपला अन् पांढरा-गुलाबी चुरा यायले लागला, अभ्रकासारखा चमकणारा. साळा पश्चिमेले फुटाळ्याकडे राहते, त्याच्या बोअरले निव्वळ काळा फत्तर लागला होता. मायी पोरगी अकरावीत आहे, ते म्हणते पृथ्वीचं पहिलं कवच बेसाल्टचं, म्हणजे असल्याच काळ्या फत्तराचं होतं, तं मामाचा दगड जुना अन् आपला नवा. मी म्हटलं शक्यच नाही, अन् तेव्हापासून घरी रोज जेवताना हाच विषय. कोण बरोबर? अन् सगळं बेसाल्टच होतं तं हा पांढरा दगड आला कुठून? अन् पृथ्वीच्या कवचाचे हे मोठे तुकडे, ह्या प्लेटा, केव्हापासून सरकून राहिल्या? सोपं करून सांगा बे, पीडीएफ नका टाकू.

हातोडीवाली
पोरगी अर्धी बरोबर आहे भाऊ, तिला रागवू नका. पहिलं कवच बेसाल्टसारखंच काळं असणार असंच बहुतेक जण मानतात. पण फुटाळ्याचा बेसाल्ट तो नव्हेच. तो दख्खनचा लाव्हा, साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा, डायनोसॉर संपले त्या सुमाराचा. पृथ्वी ४५४ कोटी वर्षांची, तिच्यापुढे हा कालचा पोरगा.

पहिलं कवच आता कुठंच शिल्लक नाही. पुन्हा पुन्हा वितळून, खाली बुडून, उल्कांचा मार खाऊन ते संपलं. उरले ते झिरकॉन नावाच्या खनिजाचे कण, वाळूच्या कणाएवढे. पश्चिम ऑस्ट्रेलियात जॅक हिल्सला ४४० कोटी वर्षांपर्यंतचे मिळालेत. झिरकॉन बनताना युरेनियम आत घेतो अन् शिसं जवळजवळ घेतच नाही, त्यामुळं आज आत सापडणारं शिसं युरेनियमच्या क्षयातूनच आलेलं असतं, ते मोजलं की वय निघतं. अख्खा खडक म्हणाल तर कॅनडातलं अकास्ता ग्नाइस (ग्नाइस म्हणजे ताप अन् दाबानं पट्टे पडलेला दगड), ४०० कोटींच्या थोडं वर.

आता पांढरा दगड. लोणी कढवताना पाहिलं ना, तूप सुटतं अन् बेरी तळाशी बसते? तसंच. पाणी मुरलेला बेसाल्ट खोल जाऊन तापला की पूर्ण वितळत नाही, थोडाच वितळतो, अन् तो जो रस सुटतो त्यात सिलिका अन् सोडियम जास्त, म्हणून तो हलका, वर चढतो, थिजतो, फिकट दगड होतो. मागं उरलेली, गार्नेट या जड खनिजाची बेरी खाली मँटलमध्ये, म्हणजे कवचाखालच्या थरात, बुडते. याच रसातून ३५०-३०० कोटी वर्षांपूर्वीचे खंडांचे गाभे बनले, हेच खडक पुन्हा वितळून खरे गुलाबी ग्रॅनाइट पुढं आले. कोरडा बेसाल्ट असा सहज वितळत नाही, पाणी लागतंच. शुक्रावर महासागर नाहीत, तिथं असे खंड बनले असतील का याचा वाद त्यामुळंच आहे.

बोअरवाला_दादा
मी वीस वर्षांपासून गाडी चालवून राहिलो. पूर्वेकडे, तुमच्या पारडीसारख्या ग्नाइसमदी, बिट लवकर घासते, पश्चिमेकडे काळ्या फत्तरात दोन लाव्ह्याच्या थरांमदी भेग भेटली तं पाणी, नाही तं कोरडा चुरा. वय काही माहीत नाही, पण पोरीनं विचारलं हे बेस केलं.

सेवानिवृत्त_सर्वेक्षक
हातोडीवाली ताईंचं बरोबर आहे, एक भर घालतो. पारडीकडचा दगड ऐकून कोणी लगेच ३५० कोटी वर्षं सांगायला जाईल, पूर्वी आम्हीही या भागातलं तिरोडी ग्नाइस फार जुनं धरायचो. नंतर झिरकॉनची वयं १६० कोटींच्या आसपास निघाली. तेवढे जुने खडक पाहायचे तर बस्तरकडे जायला हवं. आपल्या आजूबाजूला उत्तर अन् दक्षिण भारताचे दोन तुकडे एकमेकांवर येऊन जुळलेत, मनसरचं मँगनीज ज्या खडकांत आहे तेही त्याच रेटारेटीत घड्या होऊन बसलेत. म्हणजे प्लेटांचा पुरावा पाहायला हिमालयात जायची गरज नाही, रामटेकच्या रस्त्यावर थांबलं तरी भागतं.

प्लेटा केव्हा सुरू झाल्या यावर मात्र आमच्या धंद्यातले लोक अजून भांडतात. सुरुवातीला मँटल आजच्यापेक्षा शे-दोनशे अंश तापलेलं होतं, कवच मऊ, पोळीच्या कणकेसारखं, खाली ओढलं तर तुटून ठिबकायचं, अख्खी प्लेट ताठ राहून खाली जायची नाही. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या पिलबाराच्या ३२० कोटी वर्षांच्या लाव्ह्याच्या चुंबकत्वावरून कवच सरकल्याचं दिसतं. हिऱ्यांत अडकलेले इक्लोजाइटचे (बेसाल्ट खोल दाबला गेला की होणारा दगड) कण सुमारे ३०० कोटींपासूनचे मिळतात, त्याआधीचे नाहीत. अन् थंड प्लेट खोल गेल्याची खूण असलेला निळा शिस्ट १०० कोटींच्या अलीकडचाच. मला विचाराल तर एका दिवसात स्विच पडला नाही, इकडं सुरू तिकडं बंद असं बरीच कोटी वर्षं चाललं असावं. पण हे माझं मत, मानायची सक्ती नाही.

पारडीचा_पक्या
धन्यवाद सर, ताई. म्हणजे साळ्यापेक्षा माया दगड वडील. पण मंग त्याच्या काळ्या फत्तराखाली खोदत गेलं तं काय लागंल? माया दगड?

सेवानिवृत्त_सर्वेक्षक
शेवटी तोच प्रकार. मध्ये कुठं लामेटा नावाचा, लाव्ह्याखालचा चुनखडीचा थर लागेल, कामठीकडे असाल तर गोंडवना नावाच्या जुन्या थरांचा वाळूखडक अन् कोळसा. नागपूरच्याच टाकळीच्या दोन लाव्ह्यांमधल्या थरात तर जीवाश्म आहेत, कॉलेजला ज्यांचं नाव आहे त्या हिस्लॉप साहेबांनी १८५० च्या आगेमागे ते गोळा केले होते. बोअरच्या चुऱ्यात मात्र काही दिसणार नाही, सगळं पीठ होऊन येतं. चुरा टाकून दिला नसेल तर पोरीला भिंगाखाली दाखवा, गुलाबी कण फेल्डस्पारचे, पारदर्शक ते क्वार्ट्झ.